अप्पांचा दर्या

अंजर्ले,
नागपंचमी

चि. बायोस,
अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज आला तो नेमका दिव्यांच्या अवसेला. आईनं पाटावर समया, निरांजनं आणि अप्पांचा काच तडकलेला कंदील घासूनपुसून मांडला होता. मी मोठ्यानं वाचलं, "बाबा, काल रात्री अप्पांचा दर्या बघितला. खरोखर दुधासारखा." कणकेचे दिवे वाफेवर ठेवता ठेवता तिनं विचारलं, "कठड्याला टेकून बघितलंन, की आतून?"

मी हसण्यावारी नेलं. रात्री मात्र मोबाइलवर वाचत बसलो. जानेवारी १९९५मध्ये सोमालियाच्या बाजूला 'लिमा' नावाच्या जहाजानं असंच पांढरं पाणी कापलं होतं. दहा वर्षांनी शास्त्रज्ञांनी उपग्रहाची जुनी चित्रं उकरली, तर त्याच जागी तो उजेड सापडला, सुमारे १५,४०० चौरस किलोमीटरचा. म्हणजे आपले जवळजवळ दोन रत्नागिरी जिल्हे! २०१९मध्ये जावाच्या दक्षिणेला एक लाखाच्याही वर पसरला होता, आणि त्यातून गेलेल्या शिडाच्या नौकेचं नाव 'गणेशा'. हे ऐकून आईला जरा बरं वाटलं. कड्यावरच्या गणपतीला लगेच नारळ बोलून मोकळी झाली.

आपल्याकडे लाट फुटताना निळं चमकतं ते डिवचल्यावर पेटणारं. तुझं ते जिवाणूंचं, न डिवचता रात्रभर जळणारं. बादलीत घेतल्यावर ठिपके दिसले आणि ढवळल्यावर विझले, असं तू लिहिलंस. ते वाचून मला फार बरं वाटलं. वर्गात तू अशीच प्रश्न काढायचीस. पण बादली खाली सोडायची म्हणजे वाकावं लागलं असणार. रात्री, चालत्या जहाजावर.

अप्पांची गोष्ट तुला जेवढी आवडायची तेवढी मला कधी आवडली नाही. ओटीवर सुपारी कातरत सांगायचे. सुवर्णदुर्गाच्या पल्याड, जिथं दोरी बुडाला लागत नाही, तिथं तो दर्या. वल्हं मारलं तर आवाज नाही, पाणी चाखलं तर मीठ नाही. वाकून बघितलं तर आपलं तोंड दिसत नाही, आपलं अंगण दिसतं. तुळस, दांडीवर वाळणारे कपडे, सगळं. माणसाला वाटतं, आलं घर, आणि तो उतरायला पाय टाकतो. तू विचारायचीस, "मोती पण दिसतो?" अप्पा म्हणायचे, "दिसतो तर! शेपूट हलवतो." मग अडकित्ता खाली ठेवून गप्प बसायचे. धाकट्या काकांचं तुला ठाऊकच आहे. आत्या त्या गोष्टीला उठून आत का जायची, तेही.

तेव्हा रात्री एकटी डेकवर जाऊ नकोस. जायचंच झालं तर कोणाला तरी सांगून जा, जॅकेट घाल, पायात सपाता नकोत, आणि कठड्यावरून... झालं, सुरू झालं माझं! तू रीतसर शिकून गेलीस, परीक्षा दिल्यास. मी गणिताचा मास्तर, माझं पोहणं विहिरीपुरतं. मी तुला काय सांगणार? रागावू नकोस.

परवा हर्णैला गेलो होतो. ३१ जुलैपर्यंत बंदी, त्यामुळे होड्या अजून वरच आहेत. जाळी नीट करत बसलेल्या एका तांडेलाला तुझा फोटो दाखवला, तो केशरी बॉयलर सूटमधला. "पोर भिली नाय?" म्हणाला. मी म्हटलं, "भिते कसली, जहाज चालवायला शिकत्ये ती!" असा आवाज चढला माझा, की पलीकडच्या दोघांनी वर बघितलं. त्यानं मग एवढंच विचारलं, "रातची पहाऱ्याला एकटीच असते काय?" मला उत्तर देता येईना. दुसरा कोणीतरी असतोच ना बरोबर?

दादूचं कर्ज मंजूर झालं. वाड्याची मागची पडवी पावसानं बसली, गणपतीआधी उभी करू. वहिनी आता बरी आहे, तिला वेगळा फोन कर, माझ्याकडून निरोप नको. आईनं सोडे नि आमसुलं बांधून ठेवलीत. मुंबईला कधी लागताय ते कळलं की दादू घेऊन येईल.

तुझा,
बाबा

ता. क. – बादलीची दोरी कोणाच्या हातात होती, तेवढं कळव. आई विचारत्ये.