स्टे आला की नुसतं बसून राहायचं का?

मा. संपादक, स.न.वि.वि.

'पदोन्नतीला मॅटची (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाची) स्थगिती' अशी बातमी तुमच्या पेपरात अधूनमधून येते, पण त्या स्थगितीचं पुढे काय झालं ते कधीच वाचायला मिळत नाही, म्हणून लिहितोय.

मी सरकारी ऑफिसात वरिष्ठ लिपिक होतो. डीपीसी (पदोन्नती ठरवणाऱ्या विभागीय समितीची बैठक) झाली, निवडसूचीत माझं नाव वर होतं, तेवढ्यात सिनियॉरिटी लिस्टवरून एकजण मॅटमध्ये गेला आणि 'जैसे थे' आणलं. त्याच्यावर राग नाही, त्याचंही काही म्हणणं असेलच. पण आम्ही अकरा जणांनी काय केलं तर फक्त तारखा मोजल्या. आस्थापनावाले म्हणायचे मॅटर कोर्टात आहे, गप्प बसा. सरकारी वकिलाकडून दोन वर्षं साधं उत्तर दाखल झालं नाही, आम्हाला तर केसमध्ये पार्टीपण (प्रतिवादी) केलं नव्हतं, आणि मी ५८ पूर्ण करून त्याच खुर्चीवरून घरी आलो.

नंतर ओळखीच्या वकिलाने कायदा दाखवला तेव्हा डोकंच फिरलं. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा १९८५, कलम २४ : समोरच्याला कागद न देता, न ऐकता अंतरिम आदेश दिला असेल तर तो १४ दिवसांनी संपतो, त्याआधी त्याला ऐकून मॅटने तो पुढे चालू ठेवला तरच टिकतो. हायकोर्टाच्या अशा एकतर्फी स्टेसाठी घटनेचं कलम २२६(३) आहे, स्टे उठवायचा अर्ज दिला की दोन आठवड्यांत निर्णय, नाहीतर स्टे गेला. पण अर्ज द्यायला तर पाहिजे ना कुणीतरी! आमच्यासारख्यांनी आधी प्रतिवादी करून घ्या म्हणून अर्ज टाकायचा, मग स्टे उठवा किंवा निदान बदला म्हणायचं. सुप्रीम कोर्टाच्या एल. चंद्रकुमार निकालापासून (१९९७) मॅटच्या आदेशावर हायकोर्टाच्या खंडपीठाकडे रिट करता येते, पण अंतरिम आदेशात हायकोर्ट सहसा हात घालत नाही, परत मॅटकडेच पाठवतं, म्हणून पहिली धाव तिथेच.

आणि ते 'सहा महिन्यांनी स्टे आपोआप उठतो' असं व्हॉट्सॅपवर फिरतं ना, ते २०१८ च्या निकालातलं आहे, फेब्रुवारी २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांनी ते रद्द केलंय. त्या भरवशावर राहू नका.

मधला रस्ताही आहे. पदोन्नतीतल्या आरक्षणाचा वाद सुप्रीम कोर्टात असताना ७ मे २०२१ चा जीआर निघाला, त्यात अंतिम निकालाच्या अधीन राहून सेवाज्येष्ठतेने पदं भरा असंच होतं. तो जीआर बरोबर का चूक हा वेगळा विषय, मोठा वाद झाला त्यावर. पण 'निकालाच्या अधीन राहून' हे तीन शब्द आमच्या केसमध्ये मागता आले असते, कुणी मागितलेच नाहीत.

आता मानीव दिनांकासाठी, म्हणजे पदोन्नती मागच्या तारखेपासून मिळाली असं धरावं म्हणून, अर्ज केलाय. तो दिला तरी कागदावरच, त्या काळात वरच्या पदावर काम केलं नाही म्हणून पगाराचा फरक बहुतेक नाहीच मिळणार.

– एक निवृत्त वरिष्ठ लिपिक, सातारा