मार्कनच्या आजींना

आजी, सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव विचारायचं राहूनच गेलं, म्हणून हे पत्र असं उघडपणे लिहितेय. तेही मराठीत, कारण डच भाषेत मला भाजी आणता येते, मनातलं बोलता येत नाही.

माझ्या लेकीला शाळेत वर्गापुढे उभं राहून एका विषयावर बोलायचं होतं. तिने तुमचं मार्कन निवडलं, एके काळी बेट असलेलं गाव. आम्स्टरडॅमहून बसने आलो, तर संग्रहालय हिवाळ्यापुरतं बंद. चूक माझीच, आधी बघितलंच नव्हतं. पोरीचं तोंड एवढंसं झालं. तुम्ही दारातला पाला झाडत होतात. झाडू भिंतीला टेकवलात आणि आमच्याबरोबर निघालात.

काळ्या-हिरव्या लाकडी घरांपुढे चार फोटो काढून परतायचं, एवढाच माझा बेत होता. तुम्ही मात्र बंदराकडच्या एका घराच्या पायाशी काठी टेकवून आम्हाला खाली वाकायला लावलंत. हे घर खांबांवर उभं. पूर्वी खालचा भाग मोकळा असायचा. लाटा खालून निघून जायच्या, माणसं वर कोरडी. त्याआधीची घरं मातीच्या उंचवट्यांवर, ज्यांना तुम्ही वेर्फ म्हणता. उंचवट्यावर जागा पुरेना, तेव्हा खांब आले. सांगलीच्या आमच्या घराच्या भिंतीवर २०१९च्या पुराची रेघ अजून आहे, त्यामुळे जोत्याच्या उंचीचं मोल मला कोणी समजवायला नको.

१३-१४ जानेवारी १९१६च्या रात्रीबद्दल तुम्ही फार बोलला नाहीत. सोळा माणसं गेली, एवढंच सांगून पुढे चालू लागलात. त्या पुरानंतर झाउडरझेचं, म्हणजे गावाभोवतीच्या समुद्राच्या खाडीचं, तोंड बंद करायचं पक्कं झालं आणि १९३२ साली ३२ किलोमीटरचा बांध पुरा झाला. मग घरांखालची मोकळी जागा फळ्या मारून लोकांनी वापरात घेतली. हेरिंग आणि अँकोवी हे खाऱ्या पाण्यातले मासे मात्र गेले, आणि त्यांच्यामागे गावाची मासेमारीही. १९५७मध्ये मुख्य भूमीपर्यंत बांध घातला गेला आणि मार्कन बेट उरलं नाही. आमची बस त्याच बांधावरून आली होती, आणि मी खिडकीतून बदकं बघत बसले होते!

बंदरावर लेकीने विचारलं, "हे पाणी खारं आहे का?" तुम्ही म्हणालात, "झूट." तिने क्षणाचाही विचार न करता मला सांगितलं, "आई, गोडं पाणी." तुमच्या भाषेतही झूट म्हणजे गोड, आणि न खारं पाणीही झूटच. एरवी इंग्रजीतून वळसा घेऊनच मला डच कळतं. या एका शब्दाला तो वळसा लागलाच नाही. तुम्ही मात्र पाण्याकडे बघत तो शब्द पुन्हा एकदा म्हणालात, आणि त्यात गोडवा नव्हता.

लेकीचं भाषण छान झालं. तिने बुटांच्या खोक्याला पेन्सिलींचे पाय लावून घर केलं, ते ट्रेमध्ये उभं केलं आणि वर्गासमोर तांब्याभर पाणी ओतलं. घर कोरडं राहिलं. बाईंचं टेबल भिजलं, आणि पहिल्या बाकावरच्या दोघांच्या वह्याही.

एप्रिलमध्ये पुन्हा येतोय. रव्याचे लाडू आणते, मऊ करते, दातांना त्रास व्हायचा नाही.

तुमची,
पाला अर्धवट टाकायला लावणारी