तोक्योतल्या दादांना एक मोठ्ठं थँक्यू

दादा, मेसेजमध्ये थँक्स म्हणून झालंय पण ते फारच कमी वाटलं, म्हणून हे सगळ्यांसमोर लिहितोय. नाव टाकत नाही, तुम्हाला आवडणार नाही माहितीये.

आपल्याकडे लाऊडनेस, म्हणजे तो जपानी हेवी मेटल बँड, म्हटलं की "थंडर इन द ईस्ट", संपला विषय. 1985 चा तो अल्बम अमेरिकेत बिलबोर्डवर 74 नंबरपर्यंत गेला म्हणून तेवढाच माहिती. पण त्याच्या आधीचे, 1981 च्या "द बर्थडे ईव्ह"पासूनचे जपानी अल्बम इथे कुणाकडे मिळणार? माझ्याकडे होतं ते कुणाच्या तरी पेन ड्राइव्हवरून आलेलं, नाव फ्लॅक, म्हणजे आवाज जराही न गमावता साठवणारी फाईल. तुम्ही स्पेक्ट्रम, म्हणजे आवाजातल्या फ्रिक्वेन्सींचं चित्र, काढून दाखवलात तर 16 किलोहर्ट्झच्या वर सगळं काळं! म्हणजे एमपीथ्रीच परत फ्लॅकमध्ये कोंबलेली, फाईल फुगली पण गेलेला आवाज थोडीच परत येतो. ड्रमर मुनेताका हिगुचीच्या सिम्बल्सची पार वाट लागलेली, आणि मला वाटायचं जुनं रेकॉर्डिंग आहे, असंच असणार.

मग तुम्ही सुट्टीच्या दिवशी सेकंडहँड सीडीची दुकानं पालथी घातलीत, ओबीसकट (जपानी सीडीवर असते ती कागदी पट्टी) डिस्क शोधल्यात, पुण्याला येणाऱ्या मित्राच्या बॅगेत पाठवल्यात आणि वर व्हिडिओ कॉलवर बसून ईएसी, म्हणजे सीडीची अचूक कॉपी काढायचं सॉफ्टवेअर, सेट करून दिलंत, सिक्युअर मोड, ड्राइव्हचा ऑफसेट, कॉपी इतरांच्या कॉपीशी ताडून बघणारं ॲक्युरेटरिप, सगळं. क्यू शीटमध्ये (डिस्कवरच्या गाण्यांची यादी असलेली फाईल) जपानी नावांच्या जागी नुसता कचरा दिसत होता तर प्रत्येक गाण्याचं नाव स्वतः टाइप करून पाठवलंत, हे कोण करतं हो?

आणि 1986 चा तो अल्बम! जपानमध्ये "शॅडोज ऑफ वॉर", अमेरिकेत "लायटनिंग स्ट्राइक्स", मला वाटायचं नुसतं नाव बदललंय, पण मिक्सच वेगळा आणि गाण्यांचा क्रम पण. तुम्ही म्हणालात दोन्ही ठेव, वेगवेगळ्या फोल्डरात, टॅगमध्ये कुठली आवृत्ती ते लिही. ठेवलेत. मला जपानी मिक्सच आवडतो, यावर आपलं भांडण चालू राहणार बहुतेक.

आता "हरिकेन आइज"ची जपानी बोलांची आवृत्ती राहिलीये, पण घाई नाही, मुद्दाम त्यासाठी जाऊ नका. आणि डिस्कचे पैसे तुमच्या इथल्या खात्यात टाकलेत, मागच्यासारखे परत पाठवू नका प्लीज.