ध्यानचंद एकटे नव्हते

मा. संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

राष्ट्रीय क्रीडा दिनाला आपल्या दैनिकात मेजर ध्यानचंद यांच्यावर अर्धं पान आलं. फोटो सुरेख होता. मजकुरात मात्र दरवर्षीच्याच दोन गोष्टी होत्या. काठीत चुंबक आहे म्हणून परदेशात ती मोडून पाहिली, ही एक. आणि हिटलरने त्यांना आपल्या फौजेत बोलावलं, ही दुसरी. त्याच सकाळी आमच्या भागातल्या एका शाळेने मला माजी सैनिक म्हणून पाहुणा बोलावलं होतं. तिथेही मुलांची भाषणं याच दोन गोष्टींवर झाली. नंतर मी विचारलं, ध्यानचंद यांच्या भावाचं नाव कोण सांगेल? मुलाचं? मुलं गप्प आणि गुरुजीही गप्प. प्रतिमेला हार घातला, पेढे वाटले, सगळे वर्गात गेले. शाळेत हॉकीची एकही काठी नव्हती. म्हणून हे पत्र लिहितो आहे.

मी अपशिंगे मिलिटरीचा. पहिल्या महायुद्धात या गावची ४६ माणसं कामी आली, तेव्हापासून गावाच्या नावाला ‘मिलिटरी’ चिकटलं ते कायमचं. आजही गल्लीत एखादं घर काढा, फौजेतला माणूस निघणारच. मी स्वतः मराठा लाइट इन्फंट्रीतून हवालदार म्हणून निवृत्त झालो. बेळगावच्या सेंटरला हातात पहिल्यांदा हॉकी आली आणि पुढे बरीच वर्षं कंपनीच्या टीममध्ये खेळलो. त्यामुळे ध्यानचंद माझ्या डोळ्यांसमोर येतात ते जादूगार म्हणून येत नाहीत. ते येतात एका फौजी घरातला पोरगा म्हणून.

वडील समेश्वर सिंग लष्करात होते आणि तिथे हॉकी खेळत. २९ ऑगस्ट १९०५ ला अलाहाबादेत ध्यानचंद जन्मले, पण वडिलांच्या बदल्यांमुळे बिऱ्हाड सारखं हलत राहिलं आणि शिक्षण सहावीपुढे गेलं नाही. शेवटी सरकारने झाशीत घरापुरती जागा दिली, तेव्हा कुठे कुटुंब स्थिरावलं. १९२२ मध्ये हा मुलगा दिल्लीत ब्राह्मण रेजिमेंटमध्ये साधा शिपाई म्हणून भरती झाला. पलटणीतले सुभेदार-मेजर बाळे तिवारी हॉकीचे वेडे. त्यांनी या पोराला काठी धरायला शिकवली. खरं नाव ध्यानसिंग. ड्यूटी संपल्यावर रात्री चांदण्यात सराव करायचा म्हणून सोबती ‘चांद’ म्हणू लागले आणि त्याचं चंद झालं, असं सांगतात. फौजेत असं नाव पडलं की ते पेन्शनीपर्यंत सुटत नाही.

चुंबकाबद्दल बोलायचं तर त्या दिवशी मी मुलांना एक प्रयोग करून दाखवला. माझी जुनी तुतीच्या लाकडाची हॉकी सोबत नेली होती. डावा हात काठीच्या अगदी वरच्या टोकाला, घट्ट. उजवा हात वीतभर खाली, पण सैल. नळीतून काठी फिरावी इतका सैल. काठीची एकच बाजू सपाट असते आणि चेंडूला तेवढीच लावायची परवानगी असते. म्हणजे चेंडू उजवीकडून डावीकडे ओढला की परत आणताना काठी अख्खी उलटी फिरवावी लागते, आणि हे सगळं काम डावं मनगट करतं. एक मुलगी पुढे आली. दोनदा चेंडू पायात अडकला, तिसऱ्यांदा तिने उजव्या हाताची पकड सैल सोडली आणि काठी फिरली! चेंडू टप टप करत तिच्यासमोरच राहिला. ‘चुंबक कुठे आहे?’ मी विचारलं. तिने मनगट वर केलं. हे पाच मिनिटांत कळतं हो, साहेब. भाषणातून नाही कळत.

१९२६ मध्ये लष्कराचा संघ न्यूझीलंडला गेला. २१ सामन्यांत १८ जिंकले, दोन बरोबरीत सुटले, एक हरले. परत आल्यावर ध्यानचंद लान्स नायक झाले. एवढ्या मोठ्या पराक्रमाला एक फीत! १९२८ ला अ‍ॅमस्टरडॅमला भारताने पाच सामन्यांत २९ गोल केले, अंगावर एकही घेतला नाही. त्यातले १४ ध्यानचंद यांचे. कर्णधार होते जयपालसिंग मुंडा. जगज्जेता झालेला हा माणूस परत येऊन पुन्हा आपल्या पलटणीत हजर झाला. १९३२ आणि १९३६, दोन्ही ऑलिंपिकच्या आधीच्या आंतरप्रांतीय स्पर्धांसाठी त्यांना पलटणीने सुट्टी दिली नाही आणि दोन्ही वेळा निवडच चाचणीवाचून करावी लागली. सुट्टीच्या अर्जाची वाट पाहणं काय असतं हे आमच्या गावात कुणालाही विचारा.

आता भावाचं. रूपसिंग, ध्यानचंद यांच्यापेक्षा तीन वर्षांनी लहान. १९३२ च्या लॉस एंजेलिसला जायची वेळ आली तेव्हा धड कपडे नाहीत म्हणून हा गडी नाही म्हणत होता, मग थोरल्याने पदरच्या पैशांनी त्याला सूट शिवला, अशी आठवण सांगितली जाते. अमेरिकेविरुद्ध भारताने २४-१ असा सामना जिंकला. त्यात रूपसिंगांचे १०, ध्यानचंद यांचे ८. त्या ऑलिंपिकमधल्या भारताच्या ३५ गोलांपैकी २५ एकाच आईच्या दोन लेकरांचे. त्यातही धाकट्याचा एक जास्त! ध्यानचंद स्वतः रूपला आपल्यापेक्षा सरस मानत.

आणि हे रूपसिंग नोकरीला कुठे होते? ग्वाल्हेरला, शिंदे सरकारांच्या फौजेत. शिंदे मूळ आपल्या कोरेगाव तालुक्यातल्या कण्हेरखेडचे. कण्हेरखेडच्या शाळेतसुद्धा २९ ऑगस्टला हिटलरचीच गोष्ट सांगितली जात असेल, तर वाईट वाटतं. सचिन तेंडुलकरने २४ फेब्रुवारी २०१० ला एकदिवसीय सामन्यातलं द्विशतक ठोकलं ते ग्वाल्हेरच्याच कॅप्टन रूपसिंग स्टेडियमवर. त्या दिवशी सगळ्या महाराष्ट्राने ते नाव टीव्हीवर वाचलं. हे रूपसिंग कोण, असं किती जणांनी विचारलं?

हिटलरची गोष्ट सांगायचीच असेल तर १५ ऑगस्ट १९३६ चा तो दिवस पूर्ण सांगावा. ऑलिंपिकआधीच्या सराव सामन्यात जर्मनीने आपल्याला ४-१ ने हरवलं होतं. कर्णधार ध्यानचंद होते आणि त्यांना झोप लागत नव्हती. भारतातून अली दारा या खेळाडूला तातडीने बोलावून घेतलं, ते विमानाने येऊन उपांत्य सामन्याला पोहोचले. अंतिम सामना १४ तारखेचा, पावसाने एक दिवस पुढे गेला. सामन्याआधी ड्रेसिंग रूममध्ये व्यवस्थापकांपैकी पंकज गुप्ता यांनी काँग्रेसचा तिरंगा काढला आणि खेळाडूंनी त्याला वंदन केलं.

इथे जरा थांबावं असं मला वाटतं. ध्यानचंद त्या दिवशी कोण होते? ब्रिटिश सरकारचं मीठ खाणारे शिपाईगडी. मैदानावर युनियन जॅकच्या हिशेबात खेळायचं, पगार सरकारचा, बढती सरकारच्या हातात, झाशीतलं घरही सरकारने वडिलांना दिलेल्या जागेवर. आणि तो माणूस बंद दाराआड काँग्रेसच्या झेंड्याला सलाम करतो. स्वातंत्र्य अजून ११ वर्षं लांब होतं. पुढे आपलं स्वातंत्र्य त्याच तारखेला आलं, हा योगायोग. पण त्या सलामात योगायोग काही नव्हता. मी २४ वर्षं गणवेश अंगावर वागवला आहे, म्हणून सांगतो, असा सलाम करायला छाती लागते. नोकरी गेली तर घरी काय सांगायचं, हा विचार शिपायाच्या डोक्यात सगळ्यात आधी येतो. हिटलरने काय देऊ केलं होतं आणि काय नव्हतं, याच्यापुढे त्याला किंमत नाही.

मग ते मैदानात गेले. ओल्या गवतावर पाय घसरतात म्हणून ध्यानचंद यांनी खिळ्यांचे बूट आणि मोजे काढून टाकले आणि रबरी तळव्यांचे बूट घातले. मध्यंतराला आपण १-० ने पुढे होतो, तो गोल रूपसिंगांचा. सामना संपला तेव्हा ८-१.

त्याच वर्षी त्यांचं जानकीदेवींशी लग्न झालं होतं. पुढे सात मुलगे झाले. बाप जगातला सर्वांत मोठा हॉकीपटू, आणि मुलांनी हॉकी खेळू नये असं त्यालाच वाटत होतं. या खेळात पोट भरत नाही हे त्यांनी आयुष्यभर पाहिलं होतं. हे वाचून कुणाला आश्चर्य वाटेल, अपशिंग्यात वाटणार नाही. माझे वडील ६५ च्या लढाईत होते. त्यांनी मला निक्षून सांगितलं होतं, भरतीला जायचं नाही, विहीर आहे, बैल आहेत, शेती बघ. मी गेलो. माझ्या मुलालाही मी तेच सांगितलं. तोही गेला. बाप कशाला नको म्हणतो ते पोराला दिसतं, आणि बापाच्या डोळ्यात त्या नोकरीबद्दल काय आहे तेही दिसतं.

ध्यानचंद यांच्या अशोककुमारनेही ऐकलं नाही. १९७२ च्या म्युनिकला कांस्यपदक, १९७४ ला अर्जुन पुरस्कार, आणि मग १५ मार्च १९७५. क्वालालंपूरला विश्वचषकाचा अंतिम सामना, समोर पाकिस्तान. मी तेव्हा भरतीची तयारी करत होतो आणि चावडीजवळच्या दुकानात रेडिओला कान लावून उभा होतो. जसदेव सिंग बोलत होते. पाकिस्तानचा पहिला गोल झाला तसा दुकानदार आत निघून गेला. सुरजितसिंगने बरोबरी केली. मग अशोककुमारने मारलेला चेंडू गोलखांबाच्या कोपऱ्याला लागून बाहेर आला. पाकिस्तानने हरकत घेतली, पंचांनी गोल दिला. २-१. पुरुष हॉकीचा विश्वचषक आपण तेवढा एकदाच जिंकला आहे.

त्याच स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात मलेशियाविरुद्ध शेवटच्या मिनिटांत बरोबरीचा गोल करून भारताला वाचवलं ते अस्लम शेर खानने. त्याचे वडील अहमद शेर खान १९३६ ला बर्लिनमध्ये ध्यानचंद यांच्याच संघात होते. बर्लिनच्या दोन सोबत्यांची दोन पोरं एकाच विश्वचषकात! हे कुठल्याही चुंबकाच्या गोष्टीपेक्षा मोठं आहे, आणि यातला शब्द न् शब्द खरा आहे.

३ डिसेंबर १९७९ ला ध्यानचंद दिल्लीच्या एम्समध्ये, जनरल वॉर्डात गेले. झाशीच्या ज्या मैदानावर खेळले तिथेच त्यांना लष्करी इतमामात अग्नी दिला. पद्मभूषण १९५६ मध्येच मिळालं होतं. भारतरत्नची मागणी दरवर्षी होते, तिला माझाही पाठिंबा आहे. २०२१ मध्ये खेलरत्न पुरस्काराला त्यांचं नाव दिलं, तेही उत्तम झालं. पण नाव देऊन वारसा चालत नाही.

तो कसा चालतो ते आपल्याच अकोल्यात दिसलं. २०१३ मध्ये तिथल्या एका स्पर्धेत अशोककुमार यांना मध्य प्रदेशातल्या इटारसीकडचा एक लहानसा मुलगा खेळताना दिसला. त्यांनी त्याला भोपाळच्या अकादमीत नेलं. तो विवेक सागर प्रसाद. टोकियोत ४१ वर्षांनी हॉकीचं ऑलिंपिक पदक आलं त्या संघात तो होता, पॅरिसलाही होता. बाळे तिवारींनी ध्यानसिंगाला पाहिलं, ध्यानचंद यांच्या मुलाने विवेकला पाहिलं. रक्ताचं नातं मध्ये कुठेच नाही. झाशीचाच तुषार खांडेकर, आडनावावरून मराठी कळतोच, लंडन ऑलिंपिकला खेळला आणि पुढे मुलींना शिकवू लागला.

आपल्या जिल्ह्यात हे शक्य आहे की नाही, असा प्रश्नच नको. फलटण तालुक्यातल्या आसूची वैष्णवी फाळके २०२३ च्या हांगझोऊ आशियाई खेळांत कांस्यपदक जिंकणाऱ्या भारतीय संघात होती. वाखरीची अक्षता ढेकळे भारताकडून खेळली. दोघी शेतकऱ्यांच्या मुली. हॉकी १९७६ च्या माँट्रियलपासून कृत्रिम मैदानावर गेली, अशोककुमार त्या संघातही होते आणि आपण सातवे आलो. तेव्हापासून ‘टर्फ नाही म्हणून हॉकी नाही’ हे कारण आपण ऐकतो आहोत. टर्फ हवंच, जिल्ह्याच्या ठिकाणी तरी हवंच. पण मनगट फिरवायला मुरमाचं मैदान पुरतं. बारा वर्षांच्या मुलीला पहिली दोन वर्षं तेवढंच शिकायचं असतं.

सातारा-सांगलीत फौजेतून आलेली, हॉकी खेळलेली माणसं गावोगाव आहेत. पहाटे चारला उठायची सवय मोडलेली नाही, दिवस कसा काढायचा हा प्रश्न आहे. शाळांनी त्यांना २९ ऑगस्टला पाहुणे म्हणून बोलावण्याऐवजी आठवड्यातून दोनदा मैदानावर बोलवावं. मानधन नको, मैदानाच्या किल्लीची परवानगी हवी. ज्या शाळेत मी गेलो होतो तिथल्या मुख्याध्यापकांना मी हे सांगितलं आहे, त्यांनी वरिष्ठांना विचारून कळवतो म्हटलं आहे. काठ्या आणि चेंडू जालंधरहून मागवायची व्यवस्था आम्ही गावातले काही माजी सैनिक वर्गणीतून करतो आहोत.

आपल्याला एकच विनंती. ८ सप्टेंबर ही रूपसिंगांची जयंती आणि १५ मार्च हा क्वालालंपूरचा दिवस. या दोन तारखांनाही अर्धं पान द्यावं, आणि त्याच पानावर जिल्ह्यातल्या कोणत्या शाळेत हॉकी शिकवली जाते, कुठल्या मैदानावर, किती वाजता, हे छापावं. पहिल्या शाळेचं नाव आणि वेळ कळवायला मी स्वतः आपल्या सातारा कार्यालयात येईन.

कळावे,
आपला,
एक निवृत्त हवालदार
अपशिंगे मिलिटरी, जि. सातारा