समुद्राच्या भरतीचं टाइमटेबल आहे, एकट्या माणसांची यादी कुठाय?

मा. संपादक,

पावसाळ्यात मोबाईलवर रेड अलर्ट येतो, गरज नसेल तर घराबाहेर पडू नका. बरं. पण मिठी नदीच्या काठाला तळमजल्यावर जे एकटेदुकटे आहेत त्यांनी घरात बसायचं की निघायचं, ते त्यात कुठेच नसतं. २६ जुलै २००५ ला सांताक्रुझला ९४४ मिलिमीटर पडला आणि कुलाब्यात शंभरसुद्धा नाही, म्हणजे नुसतं "मुंबईत अतिवृष्टी" म्हटल्याने आपल्या गल्लीत काय होणार ते कसं कळायचं?

मी कुर्ल्याला राहते, मुलगा कामावर गेला की दिवसभर एकटीच. आमच्याकडे पाणी आधी दारातून येत नाही, मोरीतून येतं. जाळीतून बुडबुडे यायला लागले की समजायचं, समुद्राला भरती आहे आणि नाल्याचं पाणी उलटं फिरलंय. मग जाळीवर प्लास्टिकमध्ये गुंडाळलेलं गोणपाट दाबायचं, त्यावर पाटा, मेन स्विच बंद, सिलिंडरचा रेग्युलेटर काढायचा, आधार-रेशनकार्ड पिशवीत आणि पिशवी कुकरमध्ये झाकण लावून माळ्यावर (हसू नका, कपाटापेक्षा बरं). एवढं होतं एकटीने. फ्रीज नाही उचलला जात, आणि आत्ता निघू की अजून थोडं थांबू हे विचारायला कोणी नसतं ना, तेच सगळ्यात वाईट.

लाऊडस्पीकरची गाडी मेन रोडवरूनच जाते, आत गल्लीत पावसात फक्त "नागरिकांनी... घ्यावी" एवढंच ऐकू येतं. १९ ऑगस्ट २०२५ ला मिठी ३.९ मीटरला गेली तेव्हा कुर्ल्यातल्याच क्रांतीनगर वस्तीतल्या लोकांना हलवायला लागलं, तसं वेळेत हलवणं जमतं तर मग दार वाजवून सांगणंही जमेल की. साडेचार मीटरवरच्या भरतीच्या तारखा पावसाळ्याआधीच छापून येतात. त्या दिवसांसाठी वॉर्डात गल्लीवार यादी ठेवा, कोण एकटं, कोणाला चालता येत नाही, आणि कुठली शाळा उघडी ठेवलीय तेही आधीच सांगा.

मी वरच्या मजल्यावरच्या काकूंकडे चावी देऊन ठेवलीय, पण वस्तीत कित्येकांना वरचा मजलाच नाही. यादी सुरू करणार असाल तर नाव लिहायला मी येते.

एक वाचक, कुर्ला (प.)