भिंतीला चुना मारण्याआधी

प्रति,
मा. अध्यक्ष,
गृहनिर्माण सहकारी संस्था.

विषय: मागच्या कंपाउंड भिंतीवरील रंगांबाबत आलेली नोटीस.

अध्यक्षसाहेब, स. न.

"भिंत विद्रूप केली, आठ दिवसांत चुना मारून द्या," अशी आपली नोटीस मिळाली. रंग नातीनं लावले, डबे मी आणून दिले. परवानगी घ्यायला हवी होती, कबूल. पण नोटिशीतला 'अर्थहीन रेघोट्या' हा शब्द मला मान्य नाही.

आमच्या घरी बाजाची पेटी आहे. सौ.ची गाण्याची पट्टी काळी चार, म्हणजे पेटीवरच्या चौथ्या काळ्या पट्टीचा सूर; माझी काळी एक. भजनाच्या वेळी मी म्हटलं, "आता काळी चार." पोरीनं विचारलं, "आबाजी, आजीचा आवाज काळा आहे?" मी हसण्यावारी नेलं, तिनं नाही. दुसऱ्या दिवशी तिच्या वहीत दिसगाव नावाचं गाव वसलं. तिथे आवाज ऐकू येतो आणि दिसतोही. जिथे पडला तिथे रंग होऊन बसतो. कुजबुज कोळ्याच्या जाळ्याएवढी बारीक. विहिरीत हाक मारली की आपलाच रंग फिका होऊन वर येतो. रागाचा रंग पाऊस पडेपर्यंत जात नाही, म्हणून तिथली माणसं उन्हाळ्यात जपून भांडतात. संध्याकाळी अंगण झाडून दिवसभराचे रंग गोळा करायचे, हे बायकांचं काम. (यावर आमच्या सौ.चं म्हणणं, "तिथेही बायकांनीच झाडायचं काय बाप्पा?" आता पुरुषही झाडतात.)

हे पोरीचं खूळ म्हणून सोडून द्यावं, तर 'नारदीय शिक्षा' या स्वरांवरच्या जुन्या संस्कृत ग्रंथात सातही स्वरांना रंग दिलेले आहेत. षड्ज कमळाच्या पाकळीचा, गांधार सोन्याचा, मध्यम कुंदासारखा पांढरा, पंचम काळा आणि निषादात सगळेच रंग. न्यूटननंही 1704 च्या ग्रंथात इंद्रधनुष्याचे सात रंग सात सुरांशी जोडले.

एवढ्यावर तिचं समाधान होईना. "खरंच दाखवा," म्हणाली. खंजिरी आडवी धरली, चामड्यावर बारीक रवा भुरभुरला आणि खालून तोंड लावून मी 'आ' लावला. रवा उड्या मारत सगळा कडेला गेला. सूर वर नेला, तर मधोमध रेघ उमटली. चामडं जिथे हलत नाही तिथे रवा थांबतो, एवढीच गोष्ट. 1787 साली क्लाडनी नावाच्या जर्मन माणसानं पत्र्यावर वाळू टाकून, कडेवर व्हायोलिनचा गज फिरवून अशाच आकृत्या छापून काढल्या होत्या. मी सत्तरीचा, तुकडोजी महाराजांची भजनं गात इतकी वर्षं खंजिरी वाजवली. तिच्यावर सूर बसलेला त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला.

तर ती भिंत म्हणजे दिसगावच्या नियमानं काढलेला आपला लेआउट आहे. टाकीपाशी खाकी पट्टा दिसतो, ती बोअरची मोटार. फाटकाजवळचा जांभळा ठिपका 'सांभार घ्या' म्हणत कोथिंबीर विकणाऱ्या मावशीचा. मी म्हटलं हिरवा काढ, तर म्हणे, "सांभार हिरवा आहे, आवाज नाही." पोळ्याच्या घुंगरमाळा पिवळ्या दाण्यांनी काढल्यात, एकेक दाणा बोटानं टेकवून. दोन दिवस लागले. प्लॉट नऊसमोरची भिंत कोरी आहे. तिथल्या काकू गेल्यापासून तिकडून आवाज येत नाही, असं ती म्हणाली. मी पुढं विचारलं नाही.

आता खरी अडचण बोलतो, भाऊ, राग मानू नका. नोटीस आली ती आपल्या घरासमोरच्या काळ्या-नारिंगी फराट्यामुळे, हे साऱ्या लेआउटला माहीत आहे. तो आपल्या चिरंजीवांच्या बुलेटचा सायलेन्सर. रात्री अकराला निघतो तो फाटकापर्यंत जातो, म्हणून रेघही फाटकापर्यंत आहे. रात्री दहा ते सकाळी सहा, रहिवासी भागात मर्यादा 45 डेसिबलची. ते मी आपल्याला काय सांगावं? लाउडस्पीकरचा तो फलक आपणच लावलाय.

माझी विनंती इतकीच की भिंतीचा विषय आमसभेत ठेवावा. चुन्याचं पोतं मी आणून जिन्याखाली ठेवलंय. सभेनं सांगितलं तर स्वतः मारीन. फराट्याबद्दल मात्र मी नातीशी बोललो. सायलेन्सर बदलला की तेवढी रेघ ती पुसणार आहे. त्या जागी कोणता रंग येईल, ते गाडी ऐकल्यावर ठरेल म्हणते.

आपला,
प्लॉट क्र. 14 मधील सभासद