पुण्याच्या आकाशासाठी पुण्याचंच शिळावर्तुळ हवं

मा. संपादक,

स. न. वि. वि.

शहरातल्या एखाद्या उद्यानात जगप्रसिद्ध वास्तूंच्या प्रतिकृती बसवायच्या, असा विषय आपल्याकडे अधूनमधून निघतो. आयफेल टॉवर असतो, पिसाचा मनोरा असतो आणि कोणीतरी इंग्लंडच्या स्टोनहेंजचंही, म्हणजे जूनमधल्या सूर्योदयाच्या दिशेला धरून रचलेल्या प्राचीन शिळावर्तुळाचंही, नाव घेतं. बाकीच्यांबद्दल मला काही म्हणायचं नाही, ज्यांना फोटो काढायचे त्यांनी काढावेत. पण स्टोनहेंजची नक्कल पुण्यात उभी करणं म्हणजे लंडनचं रेल्वे वेळापत्रक शिवाजीनगर स्टेशनवर लावणं आहे. ते असं का, आणि त्याऐवजी काय करता येईल, हे न्यूझीलंडमध्ये पाहून आल्यामुळे हे पत्र.

मुलगी वेलिंग्टनला असते. जानेवारीत तिच्याकडे होते तेव्हा तिने गाडीने डोंगरापलीकडच्या वायरारापा भागात नेलं. सगळी कुरणं आणि मेंढ्या. तिथे कार्टर्टन गावाजवळ एका टेकाडावर ‘स्टोनहेंज आओतेआरोआ’ आहे. आओतेआरोआ हे न्यूझीलंडचं माओरी नाव. फीनिक्स ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटी या संस्थेने स्वयंसेवकांच्या श्रमांवर ते उभारलं आणि २००५ साली लोकांसाठी खुलं केलं. तीस मीटर व्यासाच्या वर्तुळात चोवीस खांब आणि त्यांच्या डोक्यावर आडव्या तुळया. खांब अखंड दगडाचे नाहीत, सांगाड्यावर सिमेंट चढवलेलं आहे. जवळ गेल्यावर ते कळतं आणि क्षणभर हिरमोड होतो. पुढच्या तासाभरात मात्र त्याचा विसर पडला.

कारण तिथला प्रत्येक खांब आणि बाहेर मांडलेला प्रत्येक दगड त्या जागेच्या अक्षांशाचा हिशोब करून बसवलेला आहे. मूळ स्टोनहेंज ५१ अंश उत्तरेला आहे, हे ४१ अंश दक्षिणेला. तिथे दुपारचा सूर्य उत्तरेला असतो, सावली दक्षिणेला पडते आणि घड्याळाच्या काट्यांच्या उलट फिरते. मध्यभागी पाच मीटरचा एक स्तंभ आहे. त्याच्या सावलीचं टोक मध्यान्हीच्या सुमाराला जमिनीवरच्या इंग्रजी आठच्या आकाराच्या पट्ट्यावर पडतं, ते वर्षभर त्या आकड्यावरून सरकत राहतं आणि त्यावरून तारीख वाचता येते. पृथ्वीची कक्षा लंबवर्तुळाकार आहे आणि तिचा आस कललेला आहे, हे मी वर्गात वर्षानुवर्षं फळ्यावर काढून शिकवलं. तिथे आठ-दहा वर्षांची पोरं त्या आठच्या आकड्यावर उड्या मारत आपापला वाढदिवस शोधत होती.

त्याच स्तंभाला एक आरपार छिद्र आहे. त्यातून दक्षिण खगोलीय ध्रुवाची, म्हणजे ज्या बिंदूभोवती तिथलं आकाश फिरताना दिसतं त्याची, जागा दिसते. जागाच, कारण तिथे आपल्या ध्रुवासारखा ठळक तारा नाही. रात्र झाल्यावर मृग नक्षत्र पाहिलं, ते उलटं, डोक्यावर उभं! आपल्याकडे मृगाच्या पायाशी, खाली असणारा व्याध तिथे वर. अगस्त्य तारा तर तिथे मावळतच नाही. माहिती सांगणाऱ्या स्वयंसेविकेने मातारिकी हा ताऱ्यांचा पुंजका दाखवला. ‘ह्या आमच्या कृत्तिका,’ असं मी म्हटल्यावर तिने माझ्याकडूनच दहा मिनिटं माहिती काढून घेतली. मातारिकी पहाटे पुन्हा दिसू लागली की माओरी नववर्ष, आणि २०२२पासून त्या देशात त्याची सार्वजनिक सुट्टी असते.

इंग्लंडचा नकाशा तसाच्या तसा त्या टेकाडावर टाकला असता तर यातलं काहीच जुळलं नसतं. तेच पुण्याचं. स्टोनहेंजला २१ जूनचा सूर्य नेमक्या पूर्वेच्या सुमारे ३९ अंश उत्तरेला उगवतो. पुण्यात तो फक्त २५ अंश उत्तरेला उगवतो. म्हणजे हुबेहूब प्रतिकृतीतल्या खुणेच्या दगडाकडे आपल्याकडचा सूर्य वर्षात एकदाही फिरकणार नाही.

आता पुण्याचा हिशोब मांडते. दहा मीटर त्रिज्येचं वर्तुळ घ्या, म्हणजे शाळेच्या छोट्या मैदानाएवढं. मध्यावर उभं राहिलं की नेमक्या पूर्वेचा एक दगड, हा २१ मार्च आणि २३ सप्टेंबरच्या सुमाराचा सूर्योदय. त्याच्या डावीकडे सव्वाचार मीटर जूनचा दगड, उजवीकडे तेवढाच दूर डिसेंबरचा. मार्चमध्ये सूर्योदयाची जागा त्या वर्तुळावर रोज सात सेंटिमीटरच्या आसपास सरकते, मुलांना दोन दिवसांत फरक दिसेल. डिसेंबरच्या टोकाला मात्र तो आठवडाभर जागचा हलत नाही असं वाटतं. ‘सूर्य पूर्वेला उगवतो’ हे वाक्य पाठ करून आलेल्या मुलाला ही साडेआठ मीटरची ये-जा एकदा दाखवली की पुढचा अर्धा धडा शिकवावा लागत नाही. शिवाय आपल्या अक्षांशावर सूर्य जवळजवळ सरळ वर चढतो, त्यामुळे समोर थोडी टेकडी किंवा बैठी घरं असली तरी फार बिघडत नाही. चाळीस मजली मनोरा आडवा आला तर अर्थात बिघडतं.

मध्यावर दोन मीटर उंचीचा शंकू, म्हणजे सावली मोजायचा उभा खांब, रोवावा. डिसेंबरअखेरीस मध्यान्हीला त्याची सावली उत्तरेला एक मीटर ऐंशी सेंटिमीटर. ती घटत घटत १३ मेच्या सुमाराला नाहीशी होते, तो आपला शून्य सावलीचा दिवस. त्यानंतर ती चक्क दक्षिणेला पडू लागते, जूनमध्ये जेमतेम सतरा सेंटिमीटर, वीतभरही नाही. जुलैच्या शेवटी पुन्हा शून्य. इंग्लंडच्या किंवा वायरारापाच्या वर्तुळात हे कधीच दिसणार नाही, कारण ते कर्कवृत्त आणि मकरवृत्त यांच्या मधल्या पट्ट्यातलंच वैभव आहे. आणि हे मध्यान्ह घड्याळातल्या बाराचं नव्हे. भारतीय प्रमाणवेळ ८२.५ रेखांशाची, पुणे ७४च्या जरा अलीकडे. त्यामुळे आपला सूर्य सरासरीने साडेबारानंतर चार-पाच मिनिटांनी माथ्याच्या रेषेवर येतो; फेब्रुवारीत पावणेएक वाजून जातात, नोव्हेंबरच्या सुरुवातीला सव्वाबाराच होतात. एका बागेतल्या छायाघड्याळाला ‘चुकीचं आहे’ म्हणून नावं ठेवणारे गृहस्थ मी पाहिले आहेत. छायाघड्याळ बरोबर होतं, त्याखाली दुरुस्तीचा तक्ता लावायचं कोणाला सुचलं नव्हतं.

संक्रांतीचंही पाहा. उत्तरायण लागलं म्हणून आपण १४-१५ जानेवारीला तिळगूळ वाटतो. प्रत्यक्षात सूर्य २१-२२ डिसेंबरलाच वळलेला असतो. अयनचलनामुळे, म्हणजे पृथ्वीच्या आसाची दिशा अतिशय सावकाश बदलत असल्यामुळे, नक्षत्रांवर आधारलेली मकरसंक्रांत आणि खरं उत्तरायण यांच्यात आता तीन आठवड्यांहून जास्त अंतर पडलं आहे. साधारण सतराशे वर्षांपूर्वी ती जवळपास एकाच दिवशी येत. वर्तुळात उभं राहून पाहिलं तर संक्रांतीच्या सकाळी सूर्य डिसेंबरच्या दगडापासून जवळजवळ हातभर उत्तरेला सरकलेला असेल. सण बदला असं माझं म्हणणं नाही, गुळाची पोळी कोणत्याही तारखेला चांगलीच लागते. पण पंचांगावरच्या वादात ‘माझे आजोबा म्हणायचे’ याऐवजी तो हातभर कोणालाही मोजून दाखवता येईल.

पावसाची अडचण मला ठाऊक आहे. २१ जूनला पुण्यात सूर्योदय दिसला तर नशीब. मग जूनचा दगड हवा कशाला? इथेच कृत्तिका उपयोगी पडतात. सध्या पुण्यातून त्या नेमक्या पूर्वेच्या साधारण साडेपंचवीस अंश उत्तरेला उगवतात, म्हणजे जूनच्या सूर्याच्या जागेलगतच. नोव्हेंबरमध्ये, कार्तिकातल्या स्वच्छ संध्याकाळी, त्या जूनच्या दगडामागूनच वर येतील. क्षितिजावरच्या धुरळ्यातून जरा वर आल्या की दुर्बिणीशिवाय दिसतील.

आणि दुसरी मौज म्हणजे शतपथ ब्राह्मण या वैदिक ग्रंथात उल्लेख आहे की इतर नक्षत्रं ढळतात, कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत. भारतीय ज्योतिषाचे अभ्यासक शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या एका विधानावरून गणित केलं आणि कृत्तिका नेमक्या पूर्वेला उगवण्याचा काळ इसवी सनापूर्वी ३००० वर्षांच्या सुमाराचा काढला. त्यावर अभ्यासकांत मतभेद आहेत, असोत. पण पूर्वेचा दगड आणि कृत्तिकांचा (म्हणजे जूनचाच) दगड यांच्यातलं सव्वाचार मीटरचं अंतर म्हणजे पाच हजार वर्षांची पृथ्वीच्या आसाची भोवऱ्यासारखी डुगडुग. ते चालत ओलांडता येईल. दीक्षितांनी पुण्यात अध्यापन केलं, त्यांच्या नावाने हा दगड ओळखला गेला तर मला आनंद होईल. नाही तर कोण्या नगरसेवकाचं नाव त्यावर कोरलं जाण्याचा धोका आहेच.

आणखी एक सहज सुचलं. पुण्यात ध्रुव उत्तरेला साडेअठरा अंशांवर दिसतो आणि अगस्त्य दक्षिणेला चढतो तोही जास्तीत जास्त तेवढाच, एकोणीसपेक्षा किंचित कमी. दोन उतरत्या फटी असलेला एकच दगड दोघांनाही पुरेल, फक्त त्याच्या दोन बाजूंना वाकावं लागेल.

यासाठी परदेशी वास्तुविशारद बोलवायची गरज नाही. काळा पाषाण आपल्या पायाखाली आहे, तो घडवणारे वडार कारागीर आहेत. हिशोब तपासायला आयुका ही खगोलशास्त्राची संशोधन संस्था आहे, १९४४पासून काम करणारी हौशी आकाशनिरीक्षकांची ज्योतिर्विद्या परिसंस्था आहे. विदर्भात जुनापाणीसारख्या ठिकाणी शेकडो प्राचीन शिळावर्तुळं आहेत, ती दफनांची, त्यामुळे आकार आपल्याला परकाही नाही. जयपूरच्या जंतरमंतरसारखी भव्य यंत्रं कोणी मागत नाही. तिथलं सम्राट यंत्र हे छायाघड्याळ सुमारे २७ मीटर उंच आहे, तो राजाचा खटाटोप. दगडांच्या वर्तुळाला फक्त मोकळं पूर्व-पश्चिम क्षितिज हवं.

आणि तेच पुण्यात सर्वांत महाग आहे. टेकडीवर करा असं लोक सुचवतील. वेताळ टेकडी किंवा तळजाईवर एक पोतं सिमेंटही चढू नये या मताची मी आहे, आणि एकदा ‘प्रकल्प’ म्हटलं की रस्ता, पार्किंग, कारंजं आणि रंगीत दिवे मागोमाग येतात. दिवे आले की कृत्तिका गेल्या. म्हणून माझी पसंती शहराच्या कडेच्या एखाद्या मोठ्या शाळेच्या मैदानाला किंवा महापालिकेच्या अशा उद्यानाला आहे, जिथे पूर्वेला नदीपात्र किंवा शेती अजून शिल्लक आहे. गुडघ्याएवढे दगड पुरतात, मध्यावर मांडी घालून बसलं की झालं. शेजारी मराठीत फलक, त्यावर आजची तारीख शोधायची रीत. तिकीट नको.

महापालिकेची निविदा निघेपर्यंत ज्या शिक्षकांना थांबायचं नाही, त्यांच्यासाठी: सपाट जमिनीवर काठी उभी रोवा, तिच्या बुंध्याभोवती दोरीने वर्तुळ काढा. सकाळी सावलीचं टोक वर्तुळाच्या आत शिरतं आणि दुपारनंतर बाहेर पडतं, त्या दोन्ही जागी खुणा करा. त्या जोडल्या की पूर्व-पश्चिम रेषा मिळते. आपल्या जुन्या सिद्धान्तग्रंथांतली ही रीत आहे आणि सातवीच्या मुलांना ती जमते, कारण माझ्या मुलांना जमायची. काठीच्या बुंध्यातून या रेषेला समांतर रेषा काढावी आणि तिच्या पूर्व टोकाला पहिला दगड ठेवावा. डिसेंबरचा दगड २१ तारखेच्या पहाटे मुलांनीच सूर्य पाहून ठेवावा, कोष्टक पाहून नव्हे. कोष्टक नंतर काढावं आणि किती सेंटिमीटरचा फरक पडला ते वहीत लिहावं.

आपली,
एक निवृत्त भूगोल शिक्षिका,
सहकारनगर, पुणे